बद्रीनाना काय म्हणाले

१९ जानेवारी

आज 'मुक्कामी गाडी'चं संकलन संपलं. हा पिक्चर सुरू केला तेव्हा माझा पुतण्या अकरावीला होता. त्यानं बारावी केली, इंजिनिअर होऊन पुण्यात नोकरी धरली, आणि मी अजून पिक्चरच काढतोय. जालन्याच्या मस्तगडातल्या आमच्या गल्लीत आता त्याबद्दल कुणी विचारत नाही. विचारतात ते लग्नाची तारीख मोकळी आहे का, एवढंच.

कथा, पटकथा, संवाद, छायाचित्रण, संकलन, संगीत, वेशभूषा, दिग्दर्शन, सगळीकडे एकच नाव: माऊली. टायटल पाहून दैवशाला म्हणाली, "पत्रिकेत बी एवढ्या ओळी नसतात, आन् हितं एकच माणूस." बायको चेष्टा करते की टोमणा मारते, हे मला लग्नाला इतकी वर्षं होऊनही ओळखता येत नाही. पण दुसरं कोण करणार होतं? जालन्यात कॅमेरामन म्हणजे लग्नवाला, आणि लग्नवाला तर मी स्वतःच. सरकत्या खिडकीच्या पट्ट्यांवर मी ट्रॉली पळवली. फवारणीच्या पंपानं पाऊस पाडला. पेटीवर पार्श्वसंगीत वाजवलं. मोठ्या शहरात ज्याला युनिट म्हणतात ते माझ्या दोन हातांत बसलं, आणि त्याचा मला गर्व आहे. इथं लिहायला काय जातं.

आता राहिला आवाज, आणि तिथंच बोंब आहे. लोकेशनवरचा आवाज आज सलग ऐकला आणि डोकं धरलं. हीरोच्या बायकोचं काम करणाऱ्या गिरिजाबाईंचं ठीक आहे, त्या भजनी मंडळातल्या, तोंड उघडून बोलतात. त्रास आहे तो आमच्या हीरोचा. बद्रीनाना जाफराबादकडच्या टेंभुर्णीचे, आमच्या भावकीतले. चेहरा असा की कॅमेरा समोर ठेवून आपण बाजूला व्हावं. पण संवाद! पिक्चरमधला म्हातारा रोज संध्याकाळी मुक्कामी एसटीची वाट बघतो, मुलगा उतरत नाही, मग घरी येऊन बायकोला म्हणतो, "सुमन, चहा टाक." एवढंच वाक्य. नाना दर टेकला म्हणतात, "उषा, चहा टाक." उषा ही त्यांची खरी बायको. बरं, तिथं थांबत पण नाहीत. नाव घेऊन झालं की मान खाली घालून पुढं हळूच भलतंच काहीतरी बडबडतात. माझ्या स्क्रिप्टमध्ये नसलेलं. मी "कट" ओरडलो की हसतात. शूटिंगच्या वेळी पण डोकं फिरवलं होतं त्यांनी, आज पुन्हा फिरवलं.

गंमत म्हणजे घरी हा माणूस उषाकाकूंना कधीच नावानं हाक मारत नाही. नुसता खाकरतो. ते खाकरले की काकू चुलीपासून उठून बाहेर येतात. जुन्या लोकांची रीतच ती. आणि कॅमेऱ्यासमोर मात्र उषा, उषा, उषा.

ठरवलं. सगळं डब करायचं. पुरुषांचे झाडून सगळे आवाज मी देणार. मला जमतं. बियाणं कंपनीच्या फिल्ममध्ये जे शेतकरी "औंदा बोंडं लई धरली" म्हणतात, ते सगळे मीच असतो.

२७ जानेवारी

डबिंग चालू. पलंग उभा करून त्याला गोधड्या लटकवल्या, आत मी, माईक आणि घाम. पंखा लावता येत नाही, त्याचा आवाज येतो. सरपंच झालो, कंडक्टर झालो, चहावाला झालो, आणि नाना झालो. नानांचा आवाज जरा खाली, नाकातून, शेवटचा शब्द गिळलेला. पण स्पष्ट. खऱ्या नानांपेक्षा माझे नाना जास्त कळतात.

बायकांचे आवाज दैवशालानं दिले. बियाणं कंपनीच्या नवीन जालन्यातल्या ऑफिसात ती कॉम्प्युटरवर बसते, तिथून सुट्टी टाकली. सुमन, शेजारीण, बसमधल्या बायका, सगळ्या तीच. काम बरं केलं. संध्याकाळी भाकरी थापताना म्हणाली, "माझं नाव टाकताल ना मंग?"

मी म्हणालो, "टायटल लॉक झालं. पुन्हा उघडायचं म्हणजे अख्खा दिवस जातो."

"बरं," म्हणाली. समजूतदार आहे, हे मात्र मानलं पाहिजे.

९ फेब्रुवारी

लग्नसराई अंगावर आली आणि डिस्क तुडुंब. रिजवानकडे गेलो. स्टेशन रोडला त्याचं मिक्सिंगचं दुकान आहे, शूटिंगला माईकची काठी त्यानंच धरली होती, पोरगा इमानदार. म्हणालो, लोकेशनचा आवाज उडव, आता डबिंग झालं, त्याचं काय लोणचं घालायचंय?

तो माऊस धरून बसून राहिला. "भाई, ओरिजनल हाये. राहू द्या ना एखांद्या कोपऱ्यात."

"कोपरा कुठंय? परवा अंबडचं लग्न हाये, ते कुठं ठेवू? तुझ्या डोक्यावर?"

"नवी डिस्क घेऊ मंग."

"घेऊ, अन् पैसे तुझा मामा देईन."

शेवटी मीच उडवलं. कॅमेऱ्याचा स्वतःचा माईक पहिल्याच वर्षी पंपाच्या पावसात मेला होता, त्यामुळे आवाज सगळा वेगळ्या रेकॉर्डरवर होता, एका फोल्डरात. एका दाबात गेला. चित्र ठेवलं, आवाज गेला. बरं वाटलं. घर झाडल्यावर वाटतं तसं.

२ मार्च

चार ठिकाणी महोत्सवांना पिक्चर पाठवला. आता फक्त वाट बघायची.

आज बद्रीनाना आले होते. डोळे दाखवायला जालन्याला आले आणि तसेच घरी आले. म्हणाले, "दाखव बाबा, मी कसा दिसतो." मी चहाचा सीनच लावला, माझा आवडता. नाना खुर्चीच्या कडेला बसून बघत होते. पडद्यावरच्या नानांनी तोंड उघडलं, "सुमन, चहा टाक."

नानांनी माझ्याकडं बघितलं. "ह्यो मी न्हाई."

"तुम्हीच आहात नाना. आवाज तेवढा साफ केला."

"माझं ते काढून टाकलं व्हय?"

"चुकलेलं होतं ना ते. बायकोचं नाव सुमन हाये पिक्चरमधी."

"चुकलं नव्हतं, लेका," नाना म्हणाले. मग माईककडं बोट करून, "मी परत म्हनू का? हितं, यंत्रात? जमंन मला."

मी समजावलं की मिक्सिंग होऊन गेलं, पिक्चर बाहेर गेलासुद्धा, आता एक अक्षर हलवता येत नाही. पुढच्या पिक्चरला म्हणा. ते बरं बरं म्हणाले. दैवशालानं चहा दिला, तो बशीत ओतून प्यायले, आणि तीनच्या गाडीनं गेले. जाताना टोपी विसरले. म्हाताऱ्या माणसांना डबिंग म्हणजे काय ते समजत नाही, आणि समजावणार तरी किती.

१४ एप्रिल

एक नकार आला. "यंदा प्रवेशिका विक्रमी संख्येनं आल्या होत्या." म्हणजे माझी पण धरून विक्रम झाला. मला काय मिळालं?

३ मे

दुसरा. यांनी निदान कारण दिलं. परीक्षकांपैकी कुणीतरी लिहिलंय, "दृश्यं अस्सल आहेत, पण सगळी पात्रं एकाच माणसासारखी बोलतात." एसी हॉलमध्ये बसून अशी वाक्यं सुचतात. माझ्या सरपंचाचा आवाज आणि माझ्या कंडक्टरचा आवाज यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. दैवशालाला वाचून दाखवलं, ती कपडे वाळत घालत राहिली.

१९ मे

बद्रीनाना गेले. दुपारी शेतातून आले, ओसरीत आडवे झाले, ते उठलेच नाहीत. ऊन असं होतं की स्मशानात लोकांचे पाय जमिनीला टिकत नव्हते. सरणावर त्यांना ठेवताना मी शेजारी उभा होतो. तो चेहरा मी सहा वर्षं फ्रेममध्ये बघितला, आणि आज पहिल्यांदा मला तो कुठून धरावा ते कळेना. खूप रडलो. टोपी अजून आमच्याच घरी आहे.

२८ मे

दहावा. आणि हे काय करून बसलो मी.

पिंडाला कावळा शिवला, लोक पांगले, मी निघायच्या बेतात होतो. भारत, म्हणजे नानांचा मुलगा, चाकणच्या कंपनीत असतो, त्यानं बाजूला घेतलं. म्हणाला, "भाऊ, नानांचा आवाज आमच्या कोणापाशीच न्हाई. फोन कानाला लावला की ते मुके व्हायचे. व्हिडिओ काढला तरी नुसते बघत बसायचे. तुमच्यापाशीच हाये जे हाये ते."

मी काही बोलायच्या आत उषाकाकू आल्या. सोबत गिरिजाबाई. काकू भिंतीला टेकून बसल्या आणि मला पण बसवलं.

"माऊली, ही गिरिजा सांगून राह्यली. पिक्चर काढताना त्यायनं माझं नाव घेतलं म्हने. खरं का रे?"

"खरं हाये, काकू."

"सगळ्यायसमोर?"

"हो."

काकूंनी पदर तोंडावर धरला. लाजल्या. दहाव्याच्या दिवशी, डोळे रडून सुजलेले, आणि ती बाई नव्या नवरीसारखी लाजली. मग म्हणाल्या, "ह्या घरात आले तवापासून त्यायनं मला कधी नावानं हाक न्हाई मारली, बाबा. खाकरायचे, मी समजून घ्यायची. वाईट न्हाई वाटलं कधी. पर आता ऐकलं तवापासून जीव लागून राह्यलाय. तेवढं एक बार ऐकव मला. मंग काही नको."

मी म्हणालो, "ऐकवतो ना काकू. पिक्चर गावात दाखवू, तव्हा ऐका."

असं म्हणालो मी. तोंडातून गेलं. समोर ती बाई तशी बसलेली असताना, 'मी उडवलं' हे कोणत्या तोंडानं म्हणणार होतो?

११ जून

आज दिवसभर रिजवानच्या दुकानात. उडवलेलं परत आणायचं सॉफ्टवेअर त्यानं कुठून तरी मिळवलं. सकाळी नावं दिसायला लागली तेव्हा मी खुर्ची स्क्रीनजवळ ओढली. फोल्डरचं नाव होतं, फाइलींची नावं होती. 'चहा टेक'. उघडली की अंबडच्या लग्नाचा बँड. दुसरी उघडली, हळदीची गाणी. तिसरीत वरमाय कुणावर तरी ओरडत होती.

"भाई, त्याच्यावर लग्नं बसली," रिजवान म्हणाला. "खाली आता कायीच न्हाई राह्यलं."

मी म्हणालो, अजून एकदा कर. त्यानं केलं. पुन्हा बँड. चिडून मी त्याला नको ते बोललो, की तू तेव्हाच हात धरायला पाहिजे होता. त्यानं पाण्याची बाटली माझ्यापुढं सरकवली. वास्तविक त्यानं धरला होता हात.

२ जुलै

तिसरा नकार. चौथ्यांनी तर कळवलंच नाही. पिक्चर आता कुठंच जाणार नाही, हे मला समजलंय. सहा वर्षं. ज्या वयात माणसं प्लॉट घेतात, पोरांना शाळेत घालतात, त्या वयात मी एसटी येण्याची वाट बघणारा म्हातारा काढला, आणि तो बघायला एकच बाई थांबली आहे. तीही पिक्चरसाठी नाही.

भारतचा फोन होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी सगळे गावात असतात, तेव्हा समाजमंदिरात दाखवू म्हणतो. आईनं रोज विचारून भंडावून सोडलंय म्हणे.

२० जुलै

उपाय सापडला. इतका सोपा की आधी कसा सुचला नाही. नानांचा आवाज काढणारा जगात एकच माणूस आहे, आणि तो मी आहे. चहाच्या सीनला 'सुमन'च्या जागी 'उषा' म्हणायचं. काकूंचा जीव शांत होईल, कुणाचं काही जात नाही.

गोधड्या पुन्हा लटकवल्या. दुपारभर म्हणत होतो. "उषा, चहा टाक." कधी जास्त गोड व्हायचं, कधी सरपंच डोकावायचा. शेवटी एक असं जमलं की माझ्याच अंगावर काटा आला.

बाहेर आलो तर दैवशाला दाराशीच उभी. "नका करू हे," म्हणाली.

"काहून?"

"बायकोला कळतं."

"काकू पंचाहत्तरीच्या. स्पीकर समाजमंदिराचा. काय कळणार आहे?"

"तुमी मला हाक मारली कधी, तर मला कळंन का न्हाई कोण मारून राह्यलं?"

मी म्हणालो, आपल्या दोघांचा इथं काय संबंध. ती आत गेली. टायटल उघडायला दिवस जातो म्हणालो होतो तिला जानेवारीत. आज पिक्चर उघडून नवं वाक्य बसवायला अर्धा तास लागला. हे आत्ता लिहिताना लक्षात आलं. तिच्या लक्षात आलं नसावं.

२३ ऑगस्ट

आज टेंभुर्णीत 'मुक्कामी गाडी' दाखवली. पहिला खेळ, आणि बहुतेक शेवटचा. समाजमंदिराच्या खिडक्यांना पोरांनी शेतातला काळा मल्चिंग पेपर ठोकला, भर दुपारी अंधार केला. आत भट्टी. तरी लोक आले, उभे राहिले. उषाकाकू पुढं, सतरंजीवर, गिरिजाबाईंच्या शेजारी. पोळ्याचं नवं लुगडं त्यांनी नेसलं नव्हतं, दुखवट्याचं वर्ष. पण डोक्याला तेल लावून, चापूनचोपून आल्या होत्या.

सुरुवातीला शांत. नाना पडद्यावर आले तेव्हा बायकांनी डोळे पुसले. मग सरपंच बोलला. मागून कुणीतरी म्हणालं, "आरं, ह्यो तर माऊली!" कंडक्टर बोलला. "ह्यो बी माऊलीच!" मग दर माणसाला हशा. एसटीतून उतरणाऱ्या पोलिसानं तोंड उघडायच्या आधीच पोरं ओरडली, "माऊली!" मी मागच्या भिंतीला पाठ लावून उभा होतो. सहा वर्षांत मी हजार लोकांच्या तोंडून माझ्या पिक्चरबद्दल बोलणं ऐकायची कल्पना केली होती. असं नव्हतं ते.

चहाचा सीन आला. नाना ओसरीत बसले. "उषा, चहा टाक."

हशा थांबला. मग बायकांच्यात हलकी खसखस झाली, चार-पाच डोकी काकूंकडं वळली. काकू पडद्याकडं बघत होत्या. लाजल्या नाहीत. पदर तोंडाशी गेला नाही. नुसत्या बघत राहिल्या, आणि थोड्या वेळानं त्यांनी हातातली किल्ली कनवटीला खोचली. बस.

शेवटी टायटल वर सरकायला लागलं. माऊली, माऊली, माऊली. पोरं मोठ्यानं वाचत होती. भारतनं टाळ्या वाजवल्या, त्याच्यामागं आणखी काही जणांनी. मी मनाशी म्हणालो, काकू भारावल्यात, उद्या सकाळी भेटून जाऊ. मुक्काम केला.

२४ ऑगस्ट

सकाळी काकूंकडं गेलो. ओसरीत बसलो, नाना झोपायचे तिथं. काकूंनी चहा आणला, स्वतःचा पण कप घेऊन समोर बसल्या.

"ते तू व्हतास ना?"

मी म्हणालो, "न्हाई काकू, नानाच."

"ते कव्हाबी आधी खाकरायचे," काकू म्हणाल्या. रागानं नाही. पोराचं शर्टाचं बटण चुकलं की सांगतात तसं.

मी कप बशीत ठेवला.

"राहू दे. माझ्यासाठी केलंस, मला कळतं. खरं हरवलं का?"

"हरवलं न्हाई, काकू. मी पुसलं. मला ते चुकलेलं वाटलं."

काकूंनी अंगणाकडं बघितलं. बाहेर परवाच्या पोळ्याचे बैल, शिंगांना रंग तसाच, गोठ्यात उभे होते. मग त्या पुढं सरकल्या. "बरं, मंग एक सांग. गिरिजा म्हनती, नाव घेऊन पुढं हळूच कायतरी म्हनायचे. तिला ऐकू न्हाई आलं, तिला तू खाली बघायला सांगितल्तं. कानाला यंत्र तुझ्याच व्हतं. काय म्हनायचे?"

हेडफोन माझ्याच कानाला होते. रिजवान काठी धरायचा, ऐकायचो मी एकटा. ते वाक्य मी शूटिंगला ऐकलं, जानेवारीत पुन्हा ऐकलं, किती टेक होते देव जाणे. दरवेळी ऐकलं.

आठवेना. काकूंसमोर बसून डोळे मिटले. नानांची मान खाली जाताना दिसली, मिशी हलताना दिसली, आणि मग फक्त माझा आवाज. "कट."

"आठवत न्हाई, काकू."

"आठवंन," त्या म्हणाल्या. "ऐकलेलं कुठं जातंय? आठवलं की सांग. घे, चहा निवला."

मी पाया पडलो. त्यांनी डोक्यावर हात ठेवला, हे त्यांनी करायला नको होतं.

३० ऑगस्ट

ही वही मागं उलटून पाहिली. काही तरी लिहिलं असेन म्हणून. १९ जानेवारीला लिहिलंय: "पुढं हळूच भलतंच काहीतरी बडबडतात." भलतंच काहीतरी. माझ्या ट्रॉलीच्या पट्ट्यांबद्दल लिहायला जागा होती.

७ सप्टेंबर

चित्र आहे. ते मी उडवलं नव्हतं. आज सगळे टेक काढले आणि लावले, मुके. नाना तोंड उघडतात, नाव घेतात, ते ओठांवरून कळतं. मग मान खाली. मिशी हलते. दोन-तीन शब्दच असतील. आणि मग वर बघून हसतात. मी 'कट' म्हणालो म्हणून हसायचे असं मला सहा वर्षं वाटत होतं. आज नीट पाहिलं. हसू आधी येतं, माझ्याकडं नजर नंतर जाते.

दैवशाला मागं येऊन उभी राहिली, मग खुर्ची ओढून बसली. कितीतरी वेळा पाहिलं आम्ही ते. शेवटी ती म्हणाली, "'तूबी घे' म्हणत असतील."

"काय?"

"चहा टाक, तूबी घे. बायका चहा देतात अन् उभ्याच राहतात ना."

मी पुन्हा लावलं. तूबी घे. बसतंय. मिशी त्याच वेळी हलते. मी फोन उचलला. म्हणालो, आत्ताच फोन लावतो काकूंना.

तिनं माझ्या हातातून फोन घेतला. "सांगू नका."

"अगं पण जुळतंय ना!"

"मी म्हणले म्हणून जुळतंय. दुसरं काही म्हणले असते तर ते बी जुळलं असतं. त्यायच्या तोंडात आता आपण काही घालू नये."

मी स्क्रीन बंद केली. ती उठून स्वयंपाकाला लागली. तिला हाक मारावी वाटली, नावानं. तोंडाशी आलं. मग वाटलं, आता कशाला, आता मारली तर तिला वाटेल मी काहीतरी करून दाखवतोय. नाही मारली.

२१ सप्टेंबर

बियाणं कंपनीची फिल्म. जाफराबादकडचा एक शेतकरी, बोलताना अडखळणारा, मध्येच म्हशीबद्दल सांगायला लागला. मी कट म्हणालो नाही. म्हैस कशी मेली ते सगळं सांगू दिलं. ऑफिसात ऐकवलं तर म्हणाले, हे काय, नेहमीसारखं करा. मग गोधड्या लटकवल्या आणि नेहमीसारखं केलं. "औंदा बोंडं लई धरली." त्या माणसाचा खरा आवाज ठेवलाय, उडवला नाही. कुणी मागायला येणार नाही त्याला.

रिजवानला सांगितलं की यापुढं पिक्चरचा विषय माझ्याकडं काढू नको. तो म्हणाला, "कौन कहता है भाई, तुमीच काढताल परत." नाही काढणार. हे लिहून ठेवतो.

५ ऑक्टोबर

आज काकूंचा फोन आला. आता दर रविवारी येतो.

"आठवलं का रे, माऊली?"

"अजून न्हाई, काकू."

"बरं. घाई न्हाई. मी हाये अजून."